ग्लासगोजवळ घर घेताय? आधी शाळेची हद्द बघा

ईस्ट रेनफ्र्यूशरमध्ये घर बघताय ना, मग भाड्याआधी पत्ता कोणत्या शाळेच्या कॅचमेंटमध्ये, म्हणजे ठरलेल्या हद्दीत, येतो ते तिथल्या कौन्सिलच्या (स्थानिक पालिकेच्या) संकेतस्थळावर बघा. इथल्या न्यूटन मर्न्स भागातली घरं महाग, त्यामागे शाळांचाही हात आहे. एजंटच्या 'जवळच आहे' वर विसंबू नका. रस्त्यापलीकडे शाळा बदलू शकते. दुसरीच शाळा हवी असेल तर प्लेसिंग रिक्वेस्ट, म्हणजे हद्दीबाहेरच्या शाळेसाठीचा अर्ज, 15 मार्चपर्यंत द्या, उत्तर 30 एप्रिलपर्यंत येतं. पण जागा भरल्या असतील तर नकार मिळू शकतो, त्यावर अपील करता येतं. डोनेशन वगैरे इथे नाही हो! शाळा ऑगस्टच्या मध्याला सुरू होते, आपल्या जूनची सवय विसरा. अडलात तर वॉर्डातल्या नगरसेवकाला लिहा; एका वॉर्डात तीन-चार असतात, कोणालाही लिहिलं तरी चालतं.