पॅटर्न विसरला म्हणून आईचा फोन रिसेट केला, आता जुनं गूगल खातं मागतोय. कसा उघडायचा?

तुम्ही लिहिलंय की आईला पॅटर्न आठवेना, म्हणून पॉवर आणि व्हॉल्यूमची बटणं दाबून तुम्ही फोन रिसेट मारला. आता तो या फोनवर आधी असलेलं गूगल खातं मागतोय, आणि आई म्हणते, "माझं कसलं खातं-बितं नाहीच."

अगदी हाच उद्योग मी सांगलीला काकूच्या फोनवर करून ठेवला होता. पुण्याहून आलेला हुशार पुतण्या म्हणून चहा येईपर्यंत फोन साफ करून मोकळा झालो, आणि चहा गार होईपर्यंत कपाळाला हात.

आधी आईच्या त्या वाक्याबद्दल. खातं नसतंच, तर ही स्क्रीन आलीच नसती. फोनमध्ये गूगल खातं आणि स्क्रीन लॉक दोन्ही असतील तरच हे कुलूप लागतं. अँड्रॉइड ५.१ पासून, म्हणजे २०१५ पासून ही सोय आहे. फोन कोणाचा याची खूण रिसेटमध्ये न पुसल्या जाणाऱ्या कोपऱ्यात ठेवलेली असते, म्हणजे चोरानं फोन कितीही वेळा साफ केला तरी तो वापरता येऊ नये. सेटिंगमध्ये जाऊन रिसेट केला असता, तर फोननं तिथंच पिन विचारला असता आणि नंतर अडवलं नसतं. बटणं दाबून केला की त्याच्या लेखी तुम्ही आणि चोर सारखेच.

मग खातं काढलं कोणी? बहुतेक वेळा दुकानदारानं. काकूनं फोन घेतला त्या दिवशी काउंटरवरच्या पोरानं पाच मिनिटांत जीमेल काढलं, पासवर्ड स्वतःच्या मनानं टाकला, व्हॉट्सॲप चालू करून दिलं आणि फोन हातात ठेवला. तिनं तो पत्ता आयुष्यात पाहिला नव्हता. त्यामुळे पहिलं काम पत्ता शोधण्याचं, पासवर्ड नंतर.

घरात टीव्हीवर आईच्या खात्यानं यूट्यूब चालू आहे का बघा; आमच्याकडे नव्हतं, पण मित्राच्या सासऱ्यांचा पत्ता तिथंच सापडला. तुमच्या किंवा भावंडांच्या मेलमध्ये गूगलचा जुना सुरक्षा-इशारा शोधा. खातं काढताना पर्यायी मेल म्हणून तुमचा दिला असेल, तर तसा मेल आलेला असतो आणि त्यात आईचा पत्ता दिसतो. फोनचं खोकं आणि बिलाची पाठही बघा, काही दुकानदार तिथं पेननं लिहून ठेवतात.

काहीच नाही मिळालं तर दुसऱ्या फोनवर किंवा लॅपटॉपवर गूगलच्या साइन-इनच्या पानावर "ईमेल विसरलात?" दाबा. तिथं आईचा मोबाइल नंबर आणि खात्यावरचं नाव टाकायचं. आम्ही इथंच अर्धा दिवस घालवला. काकूचं नाव, माहेरचं आडनाव, इंग्रजी स्पेलिंगचे सगळे प्रकार करून झाले. शेवटी काका म्हणाले, "बिल माझ्या नावावर होतं रे." त्या पोरानं खात्यालाही काकांचंच नाव दिलं होतं! नाव जुळल्याबरोबर ओटीपी आला.

आला म्हणजे, येणार होता. सिम त्याच बंद फोनमध्ये. ते काढून दुसऱ्या फोनमध्ये घाला, हे सुचायलाही मला वेळ लागला. काकांच्या बटणवाल्या फोनचा खाचा मोठा, त्याला सिमचा अडॅप्टर लागला. कोपऱ्यावरच्या रिचार्जवाल्यानं फुकट दिला.

पत्ता कळला की "पासवर्ड विसरलात?" हे काम आईच्या घरच्याच वायफायवरून करा. ती कधी एखाद्या लॅपटॉपवर त्या खात्यात गेली असेल, तर तोच लॅपटॉप घ्या. ओळखीचं यंत्र आणि ओळखीची जागा दिसली की गूगलचा विश्वास वाढतो. उगाच वीस वेळा अंदाज मारू नका, काही काळ दारच बंद होतं. आणि नवा पासवर्ड ठेवल्या ठेवल्या फोनवर टाकायची घाई नको. मी त्याच रात्री टाकला, तर फोननं नाकारला. एक दिवस जाऊ द्या. दुसऱ्या रात्री तोच पासवर्ड निमूट घेतला.

अजून एक. काही फोनवर त्याच स्क्रीनवर खात्याऐवजी जुना पॅटर्न किंवा पिन वापरायचा पर्याय असतो. तुमच्याकडे दिसत असेल, तर आईला निवांतपणे बसवा. मागे उभं राहून "आठव ना" म्हणू नका.

आता तुम्ही विचारलेला दुसरा मुद्दा, दुकानातून लॉक "तोडून" घ्यावं का. माझं मत, नको. युक्त्यांचे व्हिडिओ ढीगभर आहेत, पण त्यातल्या बऱ्याच वाटा कंपन्यांनी अपडेटमधून बुजवल्यात, आणि अँड्रॉइड १५ मध्ये तर सुरुवातीची मांडणी चुकवून आत शिरलात तरी नवं खातं किंवा ॲप घालता येत नाही. पण माझं खरं कारण वेगळं आहे. आईचे फोन नंबर, फोटो, व्हॉट्सॲपचा बॅकअप हे सगळं असेल, तर त्या खात्यातच असणार. लॉक तोडून मिळेल तो रिकामा डबा. काकूच्या फोनवर खातं घातलं आणि नातवाचे बारशाचे फोटो एकेक करून उतरायला लागले, तेव्हा तिनं माझ्याशी बोलणं पुन्हा सुरू केलं.

खातं परत मिळालंच नाही, तर कंपनीच्या अधिकृत सेवा केंद्रात जा. आयएमईआय (प्रत्येक फोनचा स्वतंत्र ओळख-क्रमांक) छापलेलं मूळ बिल, खोकं आणि ज्याच्या नावावर बिल आहे त्याचं ओळखपत्र न्या. बिल हरवलं असेल आणि फोन ऑनलाइन घेतला असेल, तर जुन्या ऑर्डरमधून ते पुन्हा उतरवता येतं. इमर्जन्सी कॉलच्या कीपॅडवर *#०६# दाबलं की बहुतेक फोन आयएमईआय दाखवतात, तो बिलाशी ताडून घ्या. "गूगल कस्टमर केअर" म्हणून इंटरनेटवर सापडणाऱ्या मोबाइल नंबरांवर मात्र फोन करू नका. खातं उघडून देणारी अशी हेल्पलाइन गूगल चालवत नाही. तिथला माणूस स्क्रीन शेअरचं ॲप टाकायला लावतो आणि ओटीपी मागतो. पैसे गेलेच तर लगेच १९३० वर, म्हणजे सायबर फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनवर कळवा.

हे वाचणाऱ्यांपैकी कोणी जुना फोन विकत घेऊन अडकलं असेल, तर विकणाऱ्याला समोर बसवून त्याचा पासवर्ड त्यालाच टाकायला लावा, आणि मग सेटिंगमधून त्याचं खातं फोनवरून हटवा. तो टाळाटाळ करायला लागला तर KYM लिहून पुढे आयएमईआय टाका आणि १४४२२ ला एसएमएस करा; चोरीचा म्हणून बंद केलेला फोन असेल तर उत्तरात कळतं. आयफोनचं कुलूप वेगळं, ॲपल खात्याचं. ते जुना मालक घरबसल्या आयक्लाउडवरूनही काढू शकतो.

तुमचा फोन कोणत्या कंपनीचा ते लिहिलेलं नाही. शाओमी असेल तर गूगलबरोबर शाओमीचं स्वतःचं खातंही मागू शकतो, तो वेगळा घोळ आहे. स्क्रीनवर नेमका कोणता मजकूर येतो ते कमेंटमध्ये टाका. आईचा नंबर किंवा मेलचा पत्ता तेवढा टाकू नका.