२९ व्या वर्षी मेक्सिकोतली टीव्ही कंपनी टेलेविसा हाती आलेल्या वारसाने ती खरंच सांभाळली का?

माझ्या मते हो, आणि नुसती सांभाळली नाही. ती चालवणाऱ्या आस्काररागा घराण्याची सुरुवात आजोबांच्या १९३० च्या एक्सईडब्ल्यू रेडिओपासून. वडील एमिलियो आस्काररागा मिल्मो, म्हणजे ‘एल तिग्रे’, स्वतःला तेव्हाच्या सत्ताधारी पीआरआय पक्षाचा शिपाई म्हणवत. १९९७ मध्ये ते गेले तेव्हा मुलगा एमिलियो आस्काररागा जाँ अवघा २९ वर्षांचा. कंपनीवर कर्जाचा डोंगर, वर नातेवाइकांचेही हिस्से. त्याने खर्च कापला, नवे भागीदार आणले, नातेवाइकांचे शेअर विकत घेत ताबा मिळवला. वडिलांची ती उघड पक्षनिष्ठाही त्याने मागे टाकली, आणि मला हेच सगळ्यात धाडसाचं वाटतं. वृत्तवाहिनीची विश्वासार्हता गेली की मालिका कितीही गाजोत, उपयोग नाही. टीका मात्र थांबली नाही. २०१२ च्या निवडणुकीत विद्यार्थी टेलेविसाविरुद्ध रस्त्यावर उतरले होते.

२०१७ मध्ये त्याने मुख्याधिकारीपद सोडण्याचं जाहीर केलं आणि घराबाहेरच्या दोन जुन्या सहकाऱ्यांकडे कारभार दिला. २०२२ मध्ये टेलेविसाचा कार्यक्रमनिर्मितीचा व्यवसाय अमेरिकेतल्या युनिव्हिजन या स्पॅनिश भाषेतल्या टीव्ही कंपनीमध्ये विलीन झाला.