रामबागेतलं घर आणि तेराव्याला केलेली सही

ताई, तुमचं पत्र दोनदा वाचलं. ज्यानं तुमची झोप उडालीय तेच आधी सांगते. दादाचे वकील म्हणतात की बाबा २००१ मध्ये गेले आणि वडिलोपार्जित मालमत्तेत मुलींना मुलांइतका हक्क देणारा कायदा ९ सप्टेंबर २००५ चा, म्हणून रामबागेतल्या घरात तुम्हाला काही नाही. हे चूक आहे. २०१५ मध्ये तसा एक निकाल होता खरा, पण ११ ऑगस्ट २०२० ला सुप्रीम कोर्टानं विनीता शर्मा केसमध्ये तो बाजूला सारला. मुलीचा हक्क जन्मापासूनचा आहे, वडील २००५ च्या त्या तारखेला हयात असायलाच हवेत असं नाही.

पण तुमच्या केसमध्ये २००५ पर्यंत जायचीही गरज पडू नये असं मला वाटतं. तुम्ही लिहिलंय की घर आजोबांनी स्वतःच्या नोकरीच्या पैशातून घेतलं, आजी आधीच गेलेल्या, आजोबा १९७४ मध्ये गेले आणि बाबा एकुलते. आपण सगळे आजोबांचं म्हणजे वडिलोपार्जित म्हणून मोकळे होतो, पण १९५६ च्या हिंदू उत्तराधिकार कायद्यानंतर असं घर मुलाकडे आलं की ते त्याचं स्वतःचं होतं, आणि बाबांनी मृत्युपत्र केलं नसेल तर आई, दादा, तुम्ही आणि धाकटी बहीण, चौघांना सारखा पाव हिस्सा. मुलगी वारसांच्या यादीत १९५६ पासूनच आहे. समजा घर पणजोबांपासूनचं निघालं तरी आजच्या कायद्यानं हिशोब पावावरच येतो, २००५ च्या आधीच्या पद्धतीनं तुमच्या वाट्याला फक्त बारावा हिस्सा आला असता. म्हणून उप-पंजीयक ऑफिसातून, म्हणजे जिथे घरांची रजिस्ट्री होते तिथून, आजोबांच्या रजिस्ट्रीची नक्कल काढा आणि मृत्युपत्र खरंच नाही ना हे आईला विचारा, कारण ते निघालं तर चित्र बदलेल.

आता ती सही. बाबांच्या तेराव्याला, घरात पाहुणे, डोळ्यात पाणी, आणि ५० रुपयांच्या स्टॅम्पवर 'हक्क सोडते' असं लिहून घेतलं आणि नोटरी केली. मला हे वाचून फार वाईट वाटलं, इंदूरमधल्या कितीतरी घरांत हे असंच झालंय. घरावरचा हक्क सोडायचा तर हक्कत्यागाचा कागद रजिस्टर व्हावा लागतो, नुसत्या नोटरीनं हिस्सा जात नाही. दादाची बाजू म्हणेल की हा आधी तोंडी झालेल्या घरगुती समझोत्याचा कागद आहे, तसा कागद कधीकधी कोर्ट मानतं, म्हणून त्यात नेमके शब्द काय आहेत ते बघावंच लागेल. त्याची कॉपी मिळवा. आणि वहिनी म्हणतात तुमच्या लग्नात खर्च केला, सोनं दिलं, तर त्यानं वारसाहक्क संपत नाही.

इतकी वर्षं गप्प का बसलात, असंही विचारतील. २००५ पर्यंत कायद्यातच कलम २३ होतं, घरचे राहत असलेल्या घराची वाटणी पुरुष वारस करेपर्यंत मुलीला मागताच येत नव्हती, ते ९ सप्टेंबर २००५ लाच निघालं. आणि भाऊ घरात राहतो एवढ्यानं बहिणीचा हक्क बुडत नाही. पण 'तुझं इथे काही नाही' असं तोंडावर सांगून बाहेर ठेवल्याचं कळलं की १२ वर्षांची मुदत सुरू होते, म्हणून दादा असं पहिल्यांदा कधी बोलला ते आठवून लिहून ठेवा. नगर निगमात नामांतरण, म्हणजे घराच्या नोंदीतलं नाव बदलणं, दादाच्या नावावर झालंय त्याला घाबरू नका, ते टॅक्स भरण्यापुरतं असतं, मालकी त्यानं ठरत नाही. पण त्या फाइलची नक्कल घ्या, वारस म्हणून त्यानं कोणाकोणाची नावं लिहिली ते तिथे कळेल, बहिणींची नावं गाळली असतील तर तोच तुमचा मोठा पुरावा.

खरी घाई बिल्डरच्या बयान्याची आहे, म्हणजे घर विकण्यासाठी दादानं त्याच्याकडून घेतलेल्या आगाऊ रकमेची. दादा फक्त स्वतःचा हिस्सा विकू शकतो, तुमचा नाही, पण रजिस्ट्री झाली की निस्तरायला वर्षं जातील. वकिलामार्फत दादाला आणि बिल्डरला, दोघांना नोटीस, पेपरात जाहीर सूचना, आणि त्यानंही थांबले नाहीत तर जिल्हा कोर्टात वाटणीचा दावा आणि सोबत विक्रीवर स्टेचा अर्ज. दाव्यात आईचं नाव प्रतिवादी म्हणून येईल, सगळे वारस पार्टी करावेच लागतात, तो आईवरचा आरोप नाही हे तिला तुम्ही स्वतः देवासहून येऊन समोर बसून सांगा, समन्स हातात पडल्यावर कळलं तर ती खचेल. दादाशी बोलायचं असेल तर तेही नोटीस पोचायच्या आधी, आणि धाकटीला सोबत घेऊन.