'युरेशियावादी' म्हणजे नेमकं कोण?

युक्रेन युद्धाच्या बातम्यांत रशियाचे अलेक्सांद्र दुगिन यांचा उल्लेख 'युरेशियावादी विचारवंत' असा होतो. त्यावरून विचारणा आली आहे की, युरोप आणि आशिया एकत्र यावेत असं म्हणणारा तो युरेशियावादी का?

नाही, जवळपास उलट. भूगोलाच्या पुस्तकात युरेशिया म्हणजे दोन्ही खंड मिळून झालेला भूभाग, हे बरोबरच आहे. पण रशियन विचारवंतांनी हा शब्द उचलला तो वेगळेपण सांगायला. त्यांच्या लेखी युरेशिया म्हणजे ढोबळमानाने जुन्या रशियन साम्राज्याचा प्रदेश, जो धड युरोप नाही आणि धड आशियाही नाही. प्योत्र सावित्स्की हे भूगोलतज्ज्ञ तर 'रशिया-युरेशिया' असंच जोडून लिहीत.

हा विचार मांडला १९१७च्या रशियन क्रांतीनंतर देशाबाहेर पडलेल्या काही तरुणांनी. त्यांचा पहिला एकत्रित लेखसंग्रह १९२१मध्ये बल्गेरियात, सोफियाला निघाला. त्यांच्यातले निकोलाय त्रुबेत्स्कोय आपल्या, म्हणजे भाषाप्रेमींच्या, खास जवळचे. 'वेळ' आणि 'वेल' यांत एका ध्वनीने अर्थ पालटतो म्हणून ळ आणि ल हे मराठीत वेगळे स्वनिम, असं आपण म्हणतो. या स्वनिमविचाराची पायाभरणी करणाऱ्यांत त्रुबेत्स्कोय अग्रणी. राजकीय लिखाणात त्यांनी युरोपीय संस्कृती म्हणजेच मानवी संस्कृती, हा दावा खोडून काढला. मॉस्कोच्या राज्याचा वारसा त्यांनी कीव्हच्या मध्ययुगीन राज्यापेक्षा चंगीझ खानाच्या साम्राज्याशी जोडला. रशियन वाचकाला तेव्हा हे किती झोंबलं असेल! वंशवादाविरुद्धही ते लिहीत. १९३८मध्ये जर्मनीने ऑस्ट्रिया गिळल्यावर व्हिएन्नातल्या त्यांच्या घराची गेस्टापोने, म्हणजे नाझींच्या गुप्त पोलिसांनी, झडती घेतली, कागदपत्रं नेली. हृदयविकार होताच, त्याच जूनमध्ये ते गेले.

दुगिन यांचा जन्म १९६२चा. १९९३मध्ये लेखक एदुआर्द लिमोनोव्ह यांच्यासोबत त्यांनी राष्ट्रीय बोल्शेविक पक्ष काढला. पुढे १९९७च्या भूराजनीतीवरच्या पुस्तकात त्यांनी जमिनीवरच्या सत्ता विरुद्ध सागरी सत्ता अशी मांडणी केली, जिचा सांगाडा ब्रिटिश भूगोलतज्ज्ञ मॅकिंडर यांच्याकडचा आहे. त्रुबेत्स्कोय यांचा रोख पश्चिम युरोपच्या सांस्कृतिक वर्चस्वावर होता. दुगिन यांचा मुख्य शत्रू अमेरिका आणि तिच्याभोवतीची 'अटलांटिक' आघाडी. म्हणून मला वाटतं, त्यांना नुसतं 'युरेशियावादी' म्हणणं आधीच्या पिढीवर अन्याय करणारं आहे. अभ्यासक 'नव-युरेशियावादी' म्हणतात, तेच मराठीतही रुळावं.

लिहिताना आणखी एक पथ्य पाळावं. 'युरेशियन' हे विशेषण भूगोलासाठी किंवा २०१५पासूनच्या युरेशियन आर्थिक संघासारख्या नावांसाठी ठेवावं आणि विचारप्रणालीसाठी 'युरेशियावादी' वापरावं. आणि आडनाव 'दुगिन'च लिहावं. रशियनमधला तो द दंत्य आहे. 'डुगिन' हा उच्चार इंग्रजीमार्गे आलेला. आपल्याकडे द आणि ड ही दोन्ही अक्षरं असताना चुकीचं का निवडायचं?