सेमी-स्ट्रक्चर्ड (अर्धसंरचित) मुलाखती, म्हणजे मुख्य विषय आधी ठरलेले पण पुढचं बोलणं मोकळं अशा मुलाखती, वीस मिनिटांतच आटोपतात. अशा किती घेतल्या म्हणजे संशोधनाला पुरतील?

तुमची अडचण मला समजली ती अशी. नोकरी सोडलेल्या परिचारिकांवर तुमचं गुणात्मक संशोधन चालू आहे आणि हाताशी 26 प्रश्नांची यादी आहे. सहा मुलाखती झाल्या. तासाभराची म्हणून ठरवलेली मुलाखत वीस मिनिटांत संपते, उत्तरं एक-दोन वाक्यांची येतात, आणि गाइड (प्रबंधाचे मार्गदर्शक) म्हणतात की आणखी पंधरा-वीस घेऊन टाका.

गाइडचं हे म्हणणं मला पटत नाही. याच यादीवर आणखी वीस मुलाखती घेतल्यात तर तेवढीच त्रोटक उत्तरं आणखी वीस जणींकडून मिळतील. आधी यादीला हात घाला, संख्येचं नंतर बघू.

साठ मिनिटांत 26 प्रश्न म्हणजे एकेकाच्या वाट्याला सव्वादोन मिनिटं. समोरच्या व्यक्तीला हे दुसऱ्या-तिसऱ्या प्रश्नालाच कळतं. हिला पुढे जायचंय, यादी लांब आहे, हे तुमच्या नजरेवरून आणि कागदावरून दिसतं. मग ती तुमची सोय बघते आणि आटोपशीर बोलते. तुम्ही हजेरी घेतल्यासारखे प्रश्न विचारता, ती 'हजर' म्हणते. यात तिची काही चूक नाही. अर्धसंरचित मुलाखतीला सहा ते आठ मुख्य प्रश्न खूप झाले. प्रत्येकाखाली दोन-तीन शब्दांत आठवणी लिहून ठेवायच्या: 'पाळ्या', 'वरिष्ठ', 'घरचे काय म्हणाले'. सगळं मिळून एका पानात बसलं पाहिजे. ते पान मुलाखतीत अधूनमधून नजर टाकण्यासाठी असतं, वाचून दाखवण्यासाठी नाही.

आता प्रश्न कसे असावेत याबद्दल. तुम्ही यादीतले तीन प्रश्न नमुना म्हणून दिलेत, त्यातला एक असा: 'कामाच्या ताणामुळे तुमच्या कौटुंबिक आयुष्यावर परिणाम झाला का?' याचं उत्तर 'हो' किंवा 'नाही' एवढंच येणार, आणि बहुतेक वेळा 'हो'च येणार, कारण ताण होता हे तुम्ही प्रश्नातच गृहीत धरलंय. दुसरा प्रश्न, 'तुम्ही नोकरी का सोडलीत?', हा तर तुमच्या प्रबंधाचाच प्रश्न आहे. त्याचं उत्तर शोधणं हे तुमचं काम. ते परिचारिकेवर ढकललंत तर ती तुम्हाला तेच कारण सांगेल जे तिनं आजवर सगळ्या नातेवाइकांना सांगितलंय. 'का'ला लोकांकडे तयार उत्तर असतं. 'काय झालं' याला तयार उत्तर नसतं, तिथे आठवावं लागतं.

नमुन्यादाखल एक संवाद रचून दाखवते.

'नोकरी सोडण्यामागे काय कारण होतं?'

'घरी लहान मूल होतं. रात्रपाळ्या जमेनात.'

यादीवाली मुलाखत इथून पुढच्या प्रश्नाकडे जाते आणि तुमच्या कोडिंगमध्ये, म्हणजे उत्तरांच्या तुकड्यांना मुद्द्यांची नावं (कोड) देताना, 'मूल', 'रात्रपाळी', 'घर आणि नोकरीची ओढाताण' असे तीन कोड पडतात. आता पुढे न जाता तिथेच थांबू.

'जमेनात म्हणजे काय व्हायचं? शेवटी शेवटी केलेली एखादी रात्रपाळी आठवते?'

'एक आठवते ना. वॉर्ड भरलेला आणि आम्ही दोघीच. त्यातली एक अगदी नवीन. पहाटे एका पेशंटचं सलाइन संपलेलं मला कळलंच नाही. त्यांना काही झालं नाही, पण सकाळी राउंडला सगळ्यांसमोर मला विचारलं.'

'विचारलं म्हणजे?'

'लक्ष कुठे असतं, घरी का, असं. नवीन मुलगी शेजारीच उभी होती.'

इथे मुलाखत घेणारी काहीच बोलत नाही. चार-पाच सेकंद जातात.

'मुलाचं तसं सासूबाई बघत होत्या. पण राजीनाम्यात लिहायला मूल बरं पडतं.'

यातला एकही पुढचा प्रश्न यादीत नव्हता आणि असूही शकला नसता. 'जमेनात' हा तिचाच शब्द उचलून परत तिच्यासमोर ठेवला. एक विशिष्ट रात्र मागितली. 'म्हणजे?' एवढंच विचारलं. आणि सगळ्यात कामाचं ते शेवटचं मौन. नव्या संशोधकाला ते फार टोचतं, म्हणून तो घाईनं पुढचा प्रश्न टाकतो आणि येऊ घातलेलं वाक्य कायमचं जातं. मी तर म्हणेन, पुढच्या मुलाखतीत बाकी काही बदलू नका, फक्त प्रत्येक उत्तरानंतर मनात पाचपर्यंत मोजा. तेवढ्यानंही फरक पडेल.

इथे एक खबरदारी घ्यावी लागते. पहिलं उत्तर खोटं आणि दुसरं खरं, असा निकाल लावू नका. मूल होतं, रात्रपाळ्या अवघड होत्या, हेही खरंच. पण कुठलं कारण चारचौघांत सांगण्याजोगं आहे आणि कुठलं नाही, हे तुम्हाला आता कळलं. प्रबंधात दोन्ही हवीत. आणि ती कधी म्हणाली, 'तुम्हाला तर माहीतच आहे हॉस्पिटलचं', तर मान डोलावू नका. तुम्ही स्वतः परिचारिका असाल तर हा धोका जास्तच. 'तरी सांगा, तुमच्या वॉर्डात कसं असायचं?' असं म्हणा. तुम्हाला जे माहीत आहे ते ट्रान्सक्रिप्टमध्ये (मुलाखतीच्या शब्दशः लेखी नोंदीत) उतरत नाही.

प्रश्नांच्या क्रमाचं फार मनावर घेऊ नका. सुरुवात सोप्या, वर्णन करायला लावणाऱ्या प्रश्नानं करावी: 'ड्यूटीला गेल्यापासून सुटेपर्यंतचा एखादा दिवस सांगाल?' नाजूक विषय मध्यावर घ्यावा, अगदी शेवटी नको. रडू आलेल्या माणसाला तसंच सोडून उठायची वेळ येऊ नये. शेवटी 'मी विचारायला हवं होतं असं काही राहिलं का?' हे जरूर विचारा. अनेकदा रेकॉर्डर बंद केल्यावर, चपला घालताना, खरं बोलणं सुरू होतं. ते वापरायचं असेल तर तिथेच विचारायचं, 'हे मी टिपून घेऊ का?' नाही म्हणाली तर विषय संपला.

तुम्ही असंही विचारलंय की प्रत्येकीला वेगळे उपप्रश्न विचारले तर परीक्षक 'ही तर नुसती गप्पागोष्टी' म्हणणार नाहीत का. म्हणू शकतात, आणि त्यांना उत्तर देता येतं. या पद्धतीची मुळं शोधताना अनेक जण मर्टन आणि केंडल यांच्या 1946 सालच्या 'फोकस्ड इंटरव्ह्यू'वरच्या लेखापर्यंत जातात. चित्रपट पाहिलेल्या किंवा रेडिओवरचा कार्यक्रम ऐकलेल्या लोकांशी बोलताना आधी तो चित्रपट, तो कार्यक्रम संशोधकानं स्वतः नीट अभ्यासायचा, त्यावरून मार्गदर्शिका (मुलाखतीत घ्यायच्या विषयांचा कागद) बनवायची, आणि मग बोलणाऱ्याला मोकळं सोडायचं. चांगल्या मुलाखतीचे निकषही त्यांनी दिले होते: उत्तर सुचवू नये, बोलणं नेमक्या प्रसंगाला धरून असावं, अनपेक्षित मुद्द्यांना वाव मिळावा, आणि भावना व वैयक्तिक संदर्भापर्यंत खोल जावं. म्हणजे मोकळेपणाच्या मागे भरपूर तयारी असते. तुमच्या बाबतीत ही तयारी म्हणजे पाळ्यांच्या पद्धती, बदल्या, राजीनाम्याची प्रक्रिया हे सगळं आधी माहीत असणं.

आणि सगळंच मोकळं सोडायचं नाही. सहा-आठ मुख्य विषय प्रत्येकीसमोर आलेच पाहिजेत, नाहीतर एकीचं बोलणं दुसरीच्या बोलण्याशेजारी ठेवून बघता येणार नाही. चौथ्या मुलाखतीत नवा मुद्दा आला (समजा, नव्या मुलींसमोर झालेला अपमान), तर तो पाचवीपासून मार्गदर्शिकेत घाला. याला परवानगी आहे, किंबहुना अपेक्षाच आहे. फक्त प्रत्येक आवृत्तीवर तारीख घालून जुनी जपून ठेवा आणि काय, का बदललं ते दोन ओळींत लिहा. व्हायवात (प्रबंधाच्या तोंडी परीक्षेत) हाच कागद तुम्हाला तारून नेईल.

आता संख्येकडे येऊ. '12 मुलाखती पुरतात' असं तुम्ही कुठेतरी वाचलंय, तो आकडा गेस्ट, बन्स आणि जॉन्सन यांच्या 2006 सालच्या लेखातून फिरतो. घाना आणि नायजेरियातल्या 60 स्त्रियांच्या मुलाखतींत त्यांना बहुतेक कोड पहिल्या 12 मध्येच येऊन गेलेले दिसले. पण आकडा उचलणारे अटी वाचत नाहीत. त्या स्त्रिया बऱ्याच अंशी एकसारख्या गटातल्या होत्या आणि सगळ्यांना ठरावीक प्रश्न विचारले गेले होते. पुढे 2017 मध्ये हेनिंक, कायझर आणि मार्कोनी यांनी आणखी एक बारकावा दाखवला: त्यांच्या 25 मुलाखतींत नवे मुद्दे दिसायचे नवव्या मुलाखतीशी जवळपास थांबले, पण त्या मुद्द्यांचा अर्थ नीट कळायला 16 ते 24 लागल्या. तुमच्या अभ्यासात खाजगी आणि सरकारी, नव्या आणि वीस वर्षं काम केलेल्या, सगळ्याच परिचारिका असतील तर 12 चा हवाला देऊन चालणार नाही. फक्त अतिदक्षता विभागातून पहिल्या दोन वर्षांत बाहेर पडलेल्या असतील तर कदाचित चालेल.

मला स्वतःला माल्टेरुद आणि सहकाऱ्यांची 2016 सालची मांडणी जास्त उपयोगी वाटते. त्यांचं म्हणणं, किती जण लागतील हे पाच गोष्टींवर ठरतं: उद्देश किती नेमका आहे, निवडलेली माणसं त्या विषयाशी किती थेट जोडलेली आहेत, हाताशी सिद्धांताचा आधार आहे का, संवाद किती कसदार झाला, आणि विश्लेषण कसं करणार आहात. यातला चौथा मुद्दा गाइडना दाखवा. संवाद कसदार असेल तर कमी माणसं लागतात, त्रोटक असेल तर जास्त. तुमचा प्रश्न नेमका तिथेच अडलाय. संपृक्ततेबद्दल (नव्या मुलाखतींतून नवं काही येईनासं होणं) एवढंच, की ती सगळ्या पद्धतींना सारखी लागू नाही. ब्राउन आणि क्लार्क यांच्या पद्धतीनं थीमॅटिक विश्लेषण (मुलाखतींमधली समान अर्थसूत्रं शोधणं) करणार असाल तर त्यांनी स्वतःच 'संपृक्तता गाठली' या दाव्यावर आक्षेप घेतलेला आहे. प्रबंधात एकीकडे त्यांचं नाव आणि दुसरीकडे 'संपृक्तता साधली' असं वाक्य असेल तर जाणकार परीक्षक तिथेच पकडतील.

विश्लेषण शेवटी करू म्हणून ठेवू नका. प्रत्येक मुलाखतीनंतर त्याच दिवशी अर्धं पान लिहा: काय नवीन होतं, कुठे मी घाई केली, पुढचीला काय विचारायचं. मग पुढच्या मुलाखतीआधी निदान एकदा रेकॉर्डिंग ऐका. तासाभराचं रेकॉर्डिंग शब्दशः उतरवायला चार ते सहा तास सहज जातात, हे वेळापत्रकात धरा. यंत्राकडून उतरवून घेणार असाल तर आवाज कुठल्या सर्व्हरवर जातो आणि संमतिपत्रात ते सांगितलंय का, हे आधी तपासा. आणि टक्केवारी देऊ नका. '60 टक्के परिचारिकांना वाटतं' हे वाक्य दहा-पंधरा जणींवरून लिहायचं नसतं. टक्केवारी हवी असेल तर सर्वेक्षण करा, ती वेगळी पद्धत आहे.

नावं बदलणं म्हणजे गोपनीयता नव्हे, हेही ध्यानात घ्या. छोट्या हॉस्पिटलात 'डायलिसिस युनिटमधली एकमेव पुरुष नर्स' असं लिहिलंत तर नाव काहीही द्या, सगळे ओळखतील. विभाग, वर्षं, पद हे तपशील गरज असेल तिथेच ठेवा, एरवी सैल करा.

झालेल्या सहा मुलाखती फेकू नका. पुन्हा ऐका आणि जिथे जिथे तुम्ही पुढे निघून गेलात तिथे खूण करा. 'वातावरण बरोबर नव्हतं', 'जमलं नाही', 'तसं बरं होतं' अशी वाक्यं भराभर सापडतील. त्यातल्या ज्या दोघी-तिघी मनमोकळ्या वाटल्या त्यांना दुसऱ्या भेटीसाठी विचारा. मूळ परवानगी एकाच मुलाखतीची असेल तर आधी एथिक्स कमिटीकडून (संशोधनाला नैतिक मंजुरी देणाऱ्या समितीकडून) दुरुस्ती मंजूर करून घ्या, नवी मार्गदर्शिकाही त्याच अर्जासोबत जोडा, आणि संमती नव्यानं घ्या. दुसऱ्या भेटीत यादीची गरजच पडणार नाही. 'मागच्या वेळी तुम्ही म्हणालात की वातावरण बरोबर नव्हतं. ते नीट विचारायचं राहिलं होतं,' इथून सुरुवात करा.