दुसऱ्या पिल्लासाठी कॅमेरा बंद केला

'ताई, मी २९ वर्षांची. प्राण्यांवरच्या माहितीपटांसाठी कॅमेरा करते. जुन्नर भागात ऊसतोडीच्या वेळी फडात बिबट्याची दोन पिल्लं सापडली. वनखात्याने संध्याकाळी ती क्रेटमध्ये घालून तिथेच ठेवली. रात्री मादी आली, एक घेऊन गेली. अंधारात शॉट नीट आला नाही. दिग्दर्शक म्हणाला, दुसऱ्याच्या वेळी गाडीचे हेडलाइट मारू. मी कॅमेरा बंद केला. तेव्हापासून त्यांचा फोन नाही. आई म्हणते, लग्नाच्या ऑर्डरी घे. पण ते म्हणजे हार पत्करणंच ना? माझं चुकलं का?'

अगं, काही चुकलं नाही. उजेडाला बिचकून मादी परत आलीच नसती तर? आईविना वाढलेला बिबट्या बहुधा जन्मभर पिंजऱ्यातच राहतो. जुन्नरजवळचं माणिकडोहचं बिबट्या निवारा केंद्र तुला माहीत असेलच.

दिग्दर्शकांची ही हाव जुनीच. डिस्नेच्या १९५८ सालच्या 'व्हाइट वाइल्डरनेस'मध्ये लेमिंग हे उंदरासारखे प्राणी कड्यावरून ढकलले आणि ते सामूहिक आत्महत्या करतात असं दाखवलं. वर ऑस्करही मिळालं. ती थाप आजही लोक खरी मानतात.

आता 'हार' या शब्दाबद्दल. तो मला खटकला. घरभाडं त्या एकाच दिग्दर्शकाच्या हातात असतं, तर तुझ्याच्याने कॅमेरा बंद झाला असता का? खरं सांग. लग्नाच्या ऑर्डरी घे. वर्षातले तीन-चार महिने राब आणि उरलेल्या वेळात नको ते काम नाकार. शिवाय हार घालताना एकच टेक मिळतो, हा सराव जंगलातही उपयोगी पडतो. (काही फोटोग्राफर पुन्हा घालायला लावतात. तू त्यातली नसावीस.)

पुढचं काम घेताना मात्र आधी लिहून घे: अंतर किती, उजेड कुठला, शूट थांबवायचा शब्द कोणाचा. रात्रीचं चित्रीकरण असेल तर इन्फ्रारेड कॅमेऱ्याचं भाडं बजेटात धरायला लाव. ऐन वेळी फडात उभं राहून तत्त्वांवर वाद घालण्यापेक्षा हे बरं. चिडके दिग्दर्शक इथेच गळतील, गळू देत.

आईला ती रात्र नीट सांगितलीस का? तिला बहुतेक एवढंच ठाऊक असेल की काम गेलं.

आणि दुसऱ्या पिल्लाचं काय झालं, ते लिहायचं राहिलंय. मादी आली का गं?