लेकीला समुद्र वाचवायचाय, तोही जीन्सवरून

"सर नमस्कार, माझी मुलगी बारावी सायन्सला आहे, बायोलॉजीत जीव रमतो पण मॅथ्स म्हटलं की तोंड वाकडं. कोरल म्हणजे समुद्रातले प्रवाळ पांढरे पडतात त्याचा व्हिडिओ बघितला तेव्हापासून एकच धोशा लावलाय, जीन एडिटिंग करून गरम पाण्यात टिकणारे कोरल बनवणार म्हणते. आधी आम्हाला वाटलं कपड्यांच्या जीन्सबद्दल बोलतेय. आता मरीन बायोटेक्नॉलॉजी अशा नावाची डिग्री शोधतेय. तिचे बाबा म्हणतात ही हौस आहे, यात नोकरी कुठंय. मला यातलं काही कळत नाही, तुम्हीच सांगा."

आणि खाली वेगळ्या पेनने, वेगळ्या अक्षरात: "सर, मला पोहता येत नाही आणि बोट लागते. चालेल ना?"

ताई, रागावू नका, पण आधी तिला उत्तर देतो, कारण तुमच्या अख्ख्या पत्रात सगळ्यात कामाचा प्रश्न तिने विचारलाय.

चालेल गं. या कामातली बरीच माणसं वर्षभर पाणीसुद्धा बघत नाहीत. एक उदाहरण देतो म्हणजे डोळ्यासमोर येईल. ईडीएनए म्हणून एक पद्धत आहे. मासा पोहताना खवले, चिकट स्राव, विष्ठा असं काहीबाही पाण्यात सोडत जातो आणि त्यात त्याचा डीएनए असतो. म्हणून मासा न पकडता, न बघतासुद्धा नुसतं एक-दोन लिटर पाणी घ्यायचं, अगदी बारीक छिद्रांच्या फिल्टरमधून ओढायचं, फिल्टरवर जे अडकलं त्यातून डीएनए काढायचा, त्यातल्या एका ठरावीक तुकड्याच्या पीसीआर नावाच्या पद्धतीने भरपूर प्रती काढायच्या, सिक्वेन्स करायचा म्हणजे त्याची अक्षरं वाचायची आणि मग डेटाबेसशी ताडून बघायचं की इथं कोण कोण येऊन गेलं. ऐकायला जादू वाटते. प्रत्यक्षात दिवसभर काय चालतं माहितीये? हातमोजे बदलणं. प्रत्येक बाटलीला नवीन जोडी, नाहीतर आधीच्या बाटलीतला मासा पुढच्या बाटलीत "सापडतो". आणि दर खेपेला एक बाटली शुद्ध पाण्याची, तीही त्याच फिल्टरमधून त्याच पद्धतीने न्यायची, तिला ब्लँक म्हणतात, आणि त्या ब्लँकमध्ये माशाचा डीएनए निघाला तर त्या खेपेतल्या कुठल्याच निकालावर डोळे मिटून विश्वास ठेवता येत नाही, कधीकधी अख्ख्या दिवसाची मेहनत वाया. असल्या कामाचा कंटाळा येणार असेल तर आत्ताच विचार कर, बोट लागण्यापेक्षा तो प्रॉब्लेम मोठा आहे.

आता ताई तुमच्याकडे वळतो.

मुलीच्या डोक्यात जे चित्र आहे ना, की लॅबमध्ये जीन बदलायचा आणि नवीन दणकट कोरल समुद्रात सोडायचे, ते चुकीचं नाहीये पण फार पुढचं आहे. क्रिस्पर, म्हणजे जीन कापायची-बदलायची पद्धत, कोरलवर खरंच वापरलीय, २०१८ मध्ये फिलिप क्लीव्ह्ज आणि त्यांच्या टीमने ते काम पहिल्यांदा छापलं. पण कशासाठी, तर एखादा जीन बिघडवून त्याचं काम काय ते समजून घेण्यासाठी. २०२० मध्ये त्यांनी एचएसएफ१ नावाचा जीन बंद करून बघितला तर कोरलची पिल्लं गरम पाण्यात मरायला लागली, म्हणजे उष्णता सोसायला तो जीन लागतो हे पक्कं झालं. एवढंच. बदललेले कोरल कुणी समुद्रात सोडलेले नाहीत. आणि हे काम किती चिवटपणाचं आहे बघा, ज्या जातीवर हे प्रयोग झाले ते कोरल अंडी सोडतात वर्षातून मोजक्या काही रात्री, त्या रात्री जागायचं, अंडं फलित झालं की त्याची पहिली विभागणी व्हायच्या आत बारीक सुईने एकेकात इंजेक्शन द्यायचं, हातात वेळ थोडा, आणि हुकलं की पुढच्या वर्षी! मुलीला हे वाचून दाखवा, चेहरा उजळला तर समजा हौस नाहीये.

आज रीफसाठी, म्हणजे कोरलच्या वसाहतींसाठी, प्रत्यक्ष जे जास्त चाललंय ते वेगळं आहे, उष्णता सोसणारे आई-बाप निवडून त्यांची पैदास करणं, किंवा कोरलच्या पेशीत राहणारं जे सूक्ष्म शेवाळ असतं त्यालाच लॅबमध्ये वर्षानुवर्षं हळूहळू गरम पाण्याची सवय लावणं. रूथ गेट्स आणि मॅडेलिन व्हॅन ओपेन या कोरल-संशोधकांनी ही दिशा मांडली. यात जीनोमिक्सचं, म्हणजे प्राण्याचा सगळा डीएनए (जीनोम) तपासण्याचं, काम म्हणजे कुठला आई-बाप निवडायचा ते सांगणं. म्हणजे डीएनए वाचणं. मी तर म्हणेन या सगळ्या क्षेत्रात डीएनए लिहिण्यापेक्षा, म्हणजे बदलण्यापेक्षा, वाचणं शंभरपट जास्त आहे आणि जो नीट वाचेल त्याला किंमत आहे.

याचं मला सगळ्यात आवडणारं उदाहरण म्हणजे व्हाकिटा. मेक्सिकोत कॅलिफोर्नियाच्या आखाताच्या वरच्या टोकाला राहणारा छोटासा पॉरपॉईज, डॉल्फिनचा चुलतभाऊ म्हणा, आता साधारण दहाच्या आसपास उरलाय. लोक म्हणायचे एवढेसे उरले, आता आपापसातच जोड्या लागणार, वंश कमजोर होऊन संपणारच, कशाला पैसा घालवता. मग २० व्हाकिटांचे जीनोम वाचले गेले, जुने जपून ठेवलेले नमुने वापरून, आणि २०२२ मध्ये निष्कर्ष आला की हा प्राणी हजारो वर्षं मुळात थोड्याच संख्येत राहत आलाय, त्यामुळे घातक म्युटेशन्सचा, म्हणजे जीनमधल्या बिघाडांचा, साठा त्याच्यात आधीपासूनच कमी आहे, आणि मासेमारीच्या गिलनेट नावाच्या जाळ्यात अडकून मरणं थांबलं तर तो सावरू शकतो. जाळी पूर्ण थांबली नाहीत तर मात्र आशा झपाट्याने कमी होते. बघा म्हणजे, एवढा जीनोम वाचून उत्तर काय आलं, तर जाळी काढा! जीनला हात लावायची गरजच नाही. पण हे उत्तर आल्यामुळे "आता काय उपयोग" म्हणणाऱ्यांचं तोंड बंद झालं, आणि ते काम दुसरं कशानेच झालं नसतं.

बायोटेक म्हणजे प्राण्याला बदलणंच असंही नाही. हॉर्सशू क्रॅब ऐकलंय? नावाला खेकडा, खरं तर नातं कोळी-विंचवांशी. त्याचं निळं रक्त जिवाणूंच्या विषाचा अंश लागला तरी गोठतं, म्हणून इंजेक्शनची औषधं आणि लसी शुद्ध आहेत का ते तपासायला हे प्राणी पकडून त्यांचं रक्त काढलं जातं, परत सोडतात पण त्यातले काही मरतातच. सिंगापूरच्या नॅशनल युनिव्हर्सिटीत डिंग जीक लिंग आणि हो बो यांनी त्या रक्तातल्या फॅक्टर सी नावाच्या प्रोटीनचा जीन वेगळा काढला आणि ते प्रोटीन लॅबमध्ये बनवलं, प्राण्याशिवाय. युरोपच्या औषध-मानकांत २०२१ पासून या प्रोटीनने केलेली टेस्ट रीतसर धरली जाते. संशोधन १९९० च्या दशकातलं, मान्यता २०२१ ला, मधला काळ मोजा. ज्याला लवकर टाळ्या हव्यात त्याने इकडे फिरकू नये. पण हे काम करणारी मंडळी समुद्रजीवतज्ज्ञ म्हणून नव्हे, साधे मॉलिक्युलर बायोलॉजिस्ट, मायक्रोबायोलॉजिस्ट म्हणून तिथवर पोचली, हे लक्षात ठेवा, याच्यावरच पुढचं सगळं अवलंबून आहे.

आता डिग्री. मरीन बायोटेक्नॉलॉजी, ओशन जीनोमिक्स असली भारदस्त नावं बघून पहिल्याच पायरीला उडी मारू देऊ नका. मी हे अनुभवाने सांगतोय, आणि कबूल करायला लाज वाटते तरी सांगतो. बऱ्याच वर्षांपूर्वी एका मुलाला मीच असल्या एका कोर्सला जायला सांगितलं होतं, माहितीपत्रक बघून मीही भुललो होतो. तीन वर्षांनी भेटला तेव्हा त्याला वीस टेक्निक्सची नावं पाठ होती आणि पिपेट, म्हणजे द्रव मोजून घ्यायची नळी, हातात धरली होती ती मोजून चार वेळा, स्टॅटिस्टिक्स तर अभ्यासक्रमातच नव्हतं. त्याची पुढची दोन वर्षं पाया भरण्यात गेली. तेव्हापासून मी नाव बघत नाही, टाइमटेबल बघतो. प्रॅक्टिकलचे तास किती, जेनेटिक्स किती, प्राणी ओळखायला शिकवतात का, आणि स्टॅट्स आहे का. झूलॉजी, बायोटेक, मायक्रोबायोलॉजी, बायोकेमिस्ट्री यातलं कुठलंही साधं बीएस्सी चालतं, समुद्र हा पुढे एमएस्सीला किंवा पीएचडीला आणता येतो.

आणि मॅथ्स. ताई इथं मात्र मुलीला सूट नाही. कॅल्क्युलसमध्ये पैकीच्या पैकी नकोत, पण संभाव्यता, सरासरी, सॅम्पल किती घ्यायचं, हा फरक खरा की योगायोग, हे हाडामांसात मुरलं पाहिजे. सिक्वेन्सिंग मशीन कोट्यवधी अक्षरं ओकतं, ती डोळ्याने वाचता येत नाहीत, त्यासाठी आर किंवा पायथन ही प्रोग्रामिंगची भाषा आणि लिनक्सची कमांड लाइन येणं आता पिपेट येण्याइतकंच गरजेचं झालंय. ज्याला प्राणीही कळतो आणि कोडही लिहिता येतो अशी माणसं कमी आहेत. नुसता कोड येणारा माणूस डेटाबेसमध्ये चुकीचं नाव चिकटलेलं असेल तर तेच खरं धरून चालतो, आणि नुसता प्राणी ओळखणारा बिचारा डेटाच उघडू शकत नाही.

बाबांचं म्हणणं, नोकरी कुठंय. त्यांचं पूर्ण चुकीचं नाहीये. संशोधनात सुरुवातीची बरीच वर्षं प्रोजेक्टवर, कॉन्ट्रॅक्टवर जातात, फंडिंग संपलं की नवीन शोधा, आणि पीएचडी चार-पाच वर्षं खाते, हे लपवण्यात अर्थ नाही. पण वाटा एकापेक्षा जास्त आहेत. बंदर किंवा समुद्रातली पवनचक्की उभारायच्या आधी तिथं कोण राहतं ते ईडीएनएने तपासून देणाऱ्या कंपन्या आहेत, मत्स्यविभागांना माशांचे साठे वेगवेगळे आहेत की एकच ते जीनवरून ठरवावं लागतं, मत्स्यशेतीत रोगाला तोंड देणारी पैदास निवडायला जेनेटिक्सवाले लागतात. आणि चोरी पकडणं! १९९४ मध्ये स्कॉट बेकर आणि स्टीफन पालुंबी यांचा एक पेपर आला होता, जपानच्या बाजारातून व्हेलच्या मांसाचे तुकडे विकत घेतले, संरक्षित प्राण्याचं मांस देशाबाहेर नेता येत नाही म्हणून छोटं पीसीआर मशीन हॉटेलच्या खोलीतच लावलं आणि डीएनएच्या प्रती तिथं बनवल्या. त्यात संरक्षित जातींचे व्हेल निघाले. ही झाली वाइल्डलाइफ फॉरेन्सिक्स, तीही एक नोकरीच आहे. आणि समजा समुद्र नाहीच जमला, तर हेच सिक्वेन्सिंग आणि हाच कोड हॉस्पिटलच्या लॅबला, औषध कंपनीला, बियाण्यांच्या संशोधनाला चालतो. बाबांना हे वाक्य दोनदा वाचून दाखवा.

एक गोष्ट मात्र मार्कांवरून कळत नाही, चूक निघाली तर पोरगी किती दिवस रुसून बसते. उत्तर अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर २०१३ पासून समुद्रतारे अक्षरशः विरघळून मरायला लागले, अब्जावधी. २०१४ ला एका विषाणूवर संशय घेतला गेला, पुढे तो टिकला नाही. मग आणखी वर्षं गेली, आणि शेवटी २०२५ मध्ये सूर्यफुलासारख्या दिसणाऱ्या मोठ्या समुद्रताऱ्यांच्या शरीरातला द्रव तपासला, आजारी आणि निरोगी शेजारी शेजारी ठेवून, तेव्हा व्हिब्रिओ पेक्टेनिसिडा हा जिवाणू सापडला. तापवलेला किंवा गाळलेला द्रव टोचला तर समुद्रतारा ठणठणीत, तसाच टोचला तर मरतो. किती साधा प्रयोग आहे! पण तिथवर यायला दहा वर्षांवर गेली. शाळेतल्या प्रॅक्टिकलचं उत्तर चुकलं की ती वही फाडते का पुन्हा करते, हे तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहीत असणार.

आता शेवटी परत मुलीला. परीक्षा झाली की एक काम कर. एनसीबीआय नावाचं सार्वजनिक भांडार आहे, फुकट. त्यात एकाच कुळातल्या माशांच्या पाच जातींचे सीओ१ जीनचे सिक्वेन्स शोध, साधारण ६५० अक्षरांचा तुकडा असतो, पॉल हेबर्ट यांनी २००३ मध्ये प्राण्यांचा बारकोड म्हणून हाच सुचवला. प्रत्येक जातीचे चार-पाच नमुने घे, एकाखाली एक लावून बघ, आणि एका जातीच्या आतला फरक आणि दोन जातींमधला फरक टक्क्यांत काढ. गॅलेक्सी नावाच्या फुकट वेबसाइटवर कोड न लिहितासुद्धा बरंचसं होतं. करताना कुठंतरी एखादा सिक्वेन्स भलत्याच जातीत जाऊन बसलेला दिसू शकतो. तो दिसला तर ती तुझी चूक का डेटाबेसची, हे आधी स्वतः शोधायचा प्रयत्न कर, दोन दिवस घालव, आणि मग मला लिही. यावेळी आईच्या पत्राखाली नको, तुझं वेगळं पत्र पाठव.